रिकाम्या सीटचा हिशोब

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित मजकूर)

२३ डिसेंबर २०१७ हा दिवस जळगावकरांच्या लक्षात असेल. त्या दिवशी जळगाव–मुंबई विमानसेवा सुरू झाली. विमान अगदी छोटे होते. बीचक्राफ्ट १९०० जातीचे, जेमतेम अठरा प्रवाशांचे, दोन पंख्यांचे. गल्लीतली मुले गच्चीवर चढून आकाशाकडे बोटे दाखवीत होती आणि त्यांच्या मागे आम्ही म्हातारेही मान वर करून उभे होतो. दुसऱ्या दिवशी चौकातल्या चहाच्या टपरीवर एकच विषय होता. कुणी म्हणाले, आता केळीवाला सकाळी मुंबईत आणि रात्री घरी. कुणी म्हणाले, सराफ बाजाराचे काम झाले. एक गृहस्थ मात्र शांतपणे म्हणाले, "आलं खरं, पण राहील का?"

त्या प्रश्नाचा मी पुढे बरीच वर्षे विचार केला. आज मला त्याविषयीच तुमच्याशी बोलायचे आहे. पण तो प्रश्न समजायचा, तर ज्या माणसाने ते विमान जळगावला आणले त्याचे आयुष्य आधी समजून घ्यावे लागते. त्याचे नाव कॅप्टन गोपीनाथ. एअर डेक्कन या विमान कंपनीचे ते संस्थापक. त्यांची मूळची कंपनी केव्हाच विकली गेली होती, नावही पुसले गेले होते. त्याच नावाने त्यांनी दुसऱ्यांदा सुरुवात केली, तीही बंगळूर किंवा दिल्लीहून मोठ्या थाटात नव्हे, तर आपल्या जळगावच्या मार्गावर.

मी आयुष्यभर वाणिज्य शाखेच्या मुलांना जमाखर्च शिकवला. पण वाहतुकीच्या धंद्याचा पहिला धडा मला पुस्तकाने दिला नाही, माझ्या थोरल्या भावाने, नानाने दिला. आमचे मूळ घर धुळ्याचे. नाना धुळे–पारोळा–एरंडोल रस्त्यावर काळी-पिवळी चालवायचा. नऊ माणसांच्या गाडीत पंधरा बसल्याशिवाय तो किल्ली फिरवायचा नाही. सुट्टीत मी त्याच्या शेजारी बसून पैसे मोजायचो. एकदा एक म्हातारी बाई घाई करू लागली म्हणून सात जणांवरच आम्ही निघालो. वाटेत एकही प्रवासी मिळाला नाही. रात्री डिझेलचा हिशोब करताना नाना अहिराणीत म्हणाला, "खाली गाडी पयनी का पोटमा खड्डा पडस." रिकामी गाडी पळाली की पोटात खड्डा पडतो. गव्हाचे पोते आज विकले गेले नाही तर उद्या विकता येते. आज रिकामी गेलेली सीट उद्या विकता येत नाही, ती गाडी सुटताक्षणी नासते. विमानाच्या धंद्याचे अर्धे शास्त्र या एका वाक्यात आहे.

आता गोपीनाथांकडे वळू. त्यांचा जन्म १९५१ चा. बालपण कर्नाटकातल्या हासन जिल्ह्यातल्या गोरूर या खेड्यात गेले. वडील शिक्षक. त्यांनी मुलाला सुरुवातीची काही वर्षे शाळेत न पाठवता घरीच शिकवले, त्यामुळे मुलगा शाळेत गेला तो थेट पाचवीत. पुढे विजापूरची सैनिक शाळा, तिथून आपल्या पुण्याजवळच्या खडकवासल्याची राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनी, मग लष्कर. १९७१ च्या युद्धाच्या काळात ते सैन्यात होते. कॅप्टनच्या हुद्द्यावर असताना, वयाच्या अवघ्या अठ्ठाविसाव्या वर्षी त्यांनी नोकरी सोडली. पेन्शन नाही, हाती फारसा पैसा नाही, पुढे काय करायचे तेही ठरलेले नाही.

गावी परतले तर घरची जमीन हेमावती नदीवरच्या धरणाखाली जात होती. धरणग्रस्तांना मोबदल्यात मिळाली ती दूरची, ओसाड, माळरानाची जमीन. नातेवाईक म्हणाले, विकून टाक. आपल्या तापी खोऱ्यातल्या धरणग्रस्तांना हा प्रसंग नवा वाटणार नाही. बुडालेल्या काळ्या रानाच्या बदल्यात मिळालेला मुरमाड तुकडा पाहून किती जणांनी कपाळाला हात लावला असेल. गोपीनाथ मात्र त्या माळावर तंबू ठोकून राहिले. नारळ लावले, रेशमाचे किडे पाळले. रासायनिक औषधांवाचून रेशीम पिकवण्याचा त्यांचा प्रयोग पुढे इतका नावाजला गेला, की १९९६ साली त्यांना रोलेक्स पुरस्कार मिळाला. घड्याळांच्या कंपनीकडून दिला जाणारा हा आंतरराष्ट्रीय सन्मान आहे.

पण शेती करताकरता हा माणूस किती दारे ठोठावत होता ते पाहा. हासनला मोटारसायकलींची एजन्सी घेतली. हॉटेल काढले. विधानसभेची निवडणूक लढवली आणि हरले. अशा माणसाला आपल्याकडे "एका ठिकाणी बूड टेकत नाही" म्हणतात. मला मात्र त्यात एक सूत्र दिसते. जिथे इतरांना "इथे काही होणार नाही" असे वाटे, तिथे त्यांना काहीतरी विकायला मोकळी जागा दिसे.

१९९७ च्या सुमारास त्यांनी लष्करातले जुने सहकारी कॅप्टन सॅम्युएल यांच्यासह भाड्याने हेलिकॉप्टर देणारी डेक्कन एव्हिएशन ही कंपनी बंगळूरला सुरू केली. पुढाऱ्यांचे दौरे, निवडणुकांचा प्रचार, आजारी माणसाला हलवणे, असे तिचे काम. हेलिकॉप्टरमधून खेड्यांवरून जाताना घराघरांवर दूरदर्शनच्या अँटेना दिसत. त्यांच्या मनात आले, की या घरांमध्ये आता नुसती भूक राहत नाही, इच्छाही राहते. विकत घेण्याची ऐपत हळूहळू येते आहे, पण तिच्याकडे कुणी पाहत नाही.

सन २००० च्या आसपास ते अमेरिकेत फिनिक्स शहरी गेले. ते काही न्यूयॉर्कसारखे महानगर नव्हे. तरी त्या एका विमानतळावरून रोज होणारी उड्डाणे त्या काळच्या साऱ्या भारतातल्या उड्डाणांहून अधिक आहेत, हे ऐकून ते थक्क झाले. हा किस्सा त्यांनी पुढे अनेकदा सांगितला आहे. आपल्याकडे तेव्हा विमान म्हणजे साहेब, सिनेमानट आणि पुढारी यांचे वाहन. ब्रिटिशांच्या काळापासून पडून असलेल्या धावपट्ट्यांवर गुरे चरत होती.

यातून ऑगस्ट २००३ मध्ये एअर डेक्कन जन्माला आली. विमाने पंख्यांची, फ्रेंच-इटालियन बनावटीची एटीआर जातीची. मार्ग हुबळी, मंगळूर, विजयवाडा अशा मधल्या शहरांचे. सुरुवात शुभ झाली म्हणावे, तर तसेही नाही. हैदराबादहून विजयवाड्याला निघालेल्या उद्घाटनाच्या विमानाच्या इंजिनाला आग लागली. विमानात व्यंकय्या नायडू यांच्यासारखे नेते होते, वार्ताहर होते. सारे सुखरूप उतरले, पण नव्या कंपनीची अब्रू सुरुवातीलाच पणाला लागली. दुसरा एखादा असता तर तिथेच गुंडाळून बसला असता. ही कंपनी उडत राहिली.

तिकीट स्वस्त कसे केले, हे समजून घेण्यासारखे आहे, कारण लोकांना त्यात जादू वाटायची. त्यात जादू नव्हती, काटकसर होती. जेवण बंद, पाणीसुद्धा विकत. सगळ्यांना एकच वर्ग. छापील तिकिटाऐवजी संगणकावरून नोंदणी. पेट्रोल पंप आणि टपाल कचेऱ्यांमधूनही विक्री. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे विमान जमिनीवर कमीत कमी वेळ उभे. कारण विमानाचे भाडे, वैमानिकांचा पगार, विमा हे खर्च विमान उभे असले तरी चालूच राहतात. नाना म्हणायचा, गाडी स्टँडवर उभी असली तरी बँकेचा हप्ता उभा राहत नाही. अगदी तेच.

शिवाय तिकिटाचा एकच दर ठेवायचा नाही. आधी घेईल त्याला स्वस्त, आयत्या वेळी येईल त्याला महाग. काही सीटा तर एक रुपयाला. लोक विचारायचे, एक रुपयात विमान परवडते कसे? उत्तर असे की सगळे विमान एक रुपयात नसतेच. जी सीट रिकामीच जाणार होती, तिचा एक रुपया आला तरी तो मिळवलेला, आणि त्या रुपयाची गावभर चर्चा होते ती फुकटची जाहिरात. कंपनीने जाहिरातीत आर. के. लक्ष्मण यांचा "कॉमन मॅन" घेतला होता. चौकड्याचा कोट घातलेला तो मुका म्हातारा विमानात बसला, ही कल्पनाच लोकांना आवडून गेली.

चार वर्षांत चाळीसहून अधिक विमाने आणि साठांवर शहरे, इतका पसारा वाढला. आणि इथेच नानाचा खड्डा पडू लागला. इंधन महागले. स्पर्धक आले आणि तेही स्वस्त तिकिटे विकू लागले. मोठ्या विमानतळांवर उतरायला जागा मिळेना, विमाने आकाशात घिरट्या घालत इंधन जाळू लागली. एका विमानाला सकाळी उशीर झाला, की दिवसभरातल्या साऱ्या फेऱ्या उशिरा, कारण विमान जमिनीवर थांबायला वेळच ठेवलेला नसे. काटकसरीतच दुखण्याचे मूळ होते. तिकिटाचे दर खर्चाच्या खाली गेले होते आणि तोटा भरून काढायला नवे भांडवल लागत होते. मे २००६ मध्ये कंपनीने भागविक्री केली, तर शेअर बाजार नेमका त्याच दिवसांत कोसळला.

शेवटी जून २००७ मध्ये विजय मल्ल्या यांच्या उद्योगसमूहाने ५५० कोटी रुपये देऊन कंपनीचा २६ टक्के हिस्सा घेतला. पुढच्याच वर्षी एअर डेक्कन किंगफिशरमध्ये विलीन झाली, तिचे नाव किंगफिशर रेड झाले आणि कॉमन मॅन विमानावरून उतरला. मल्ल्यांना तिच्यात रस का होता, याचे एक कारण जाणकार सांगतात ते असे. त्या काळी परदेशी उड्डाणे करायची तर देशात पाच वर्षे सेवा दिलेली असावी लागे. एअर डेक्कनची पाच वर्षे ऑगस्ट २००८ मध्ये भरत होती. म्हणजे जी कंपनी हुबळीच्या माणसासाठी निघाली, तिचे वय लंडनच्या विमानासाठी उपयोगी पडले. पुढे स्वस्त सेवा बंद झाली आणि ऑक्टोबर २०१२ मध्ये किंगफिशरची सारी विमानेच जमिनीवर आली.

गोपीनाथ मधल्या काळात स्वस्थ बसले नव्हते. २००९ मध्ये त्यांनी मालवाहतुकीची डेक्कन ३६० ही कंपनी काढली आणि तिचे केंद्र ठेवले आपल्या नागपूरला, देशाच्या मध्यावर. कल्पना उत्तम होती, पण दोन वर्षांत तीही बंद पडली. त्यांच्या इंग्रजी आत्मचरित्रावरून २०२० मध्ये "सूररै पोट्रू" हा तमिळ चित्रपट आला आणि २०२४ मध्ये त्याचा हिंदी अवतार "सरफिरा". गंमत अशी की हिंदी चित्रपटात नायक कन्नड राहिला नाही, तो वीर म्हात्रे नावाचा मराठी माणूस झाला. चित्रपट संपतो तो विमान उडते तिथे. आपल्याला मात्र विमान उडाल्यानंतरचे पाहायचे आहे.

आता जळगावकडे येऊ. जळगावची धावपट्टी जुनीच. प्रतिभाताई पाटील राष्ट्रपती असताना तिचे नूतनीकरण झाले आणि मार्च २०१२ मध्ये त्यांच्याच हस्ते विमानतळाचे उद्घाटन झाले. इमारत झाली, कुंपण झाले, आणि प्रवासी विमानाची वाट पाहण्यात पाच वर्षे गेली. मग केंद्र सरकारने "उडान" योजना आणली. "उडे देश का आम नागरिक" या शब्दांची ती आद्याक्षरे. आमच्या टपरीवर या नावावरून पुष्कळ विनोद झाले, पण योजनेचा विचार साधा आणि खरा होता. एस.टी. जशी तोट्याच्या खेड्यातही जाते, कारण ते समाजाचे काम आहे, तसे छोट्या शहरांच्या विमानाचे काही काळ करायचे.

ते कसे? विमानातल्या साधारण निम्म्या सीटा ठरावीक कमाल दराने विकायच्या. तासाभराच्या प्रवासाला सुरुवातीला हा दर अडीच हजार रुपये होता. उरलेल्या सीटा कंपनीने हव्या त्या दराने विकाव्यात. जी तूट येईल तिचा ठरलेला भाग तीन वर्षे सरकारने भरायचा. हा पैसा मुख्यतः मोठ्या शहरांमधल्या उड्डाणांवर बसवलेल्या आकारातून येतो आणि राज्यही आपला वाटा उचलते. मार्च २०१७ मध्ये पहिल्या फेरीत पाच कंपन्यांना १२८ मार्ग मिळाले. त्यांत गोपीनाथांची डेक्कन चार्टर्स होती आणि तिच्या वाट्यात मुंबई–जळगाव होता.

एक उदाहरण घेऊ. आकडे केवळ समजण्यासाठी आहेत. समजा अठरा सीटांच्या विमानाच्या एका फेरीचा खर्च ७२ हजार रुपये. म्हणजे विमान गच्च भरले तरी सीटमागे चार हजार पडले. नऊ सीटा अडीच हजाराने दिल्या, २२,५०० आले. उरलेले ४९,५०० दुसऱ्या नऊ सीटांवर काढायचे, म्हणजे साडेपाच हजार प्रत्येकी. आता त्या नऊपैकी चारच विकल्या गेल्या तर? बावीस हजार आले आणि २७,५०० चा खड्डा. सरकारची मदत त्यात पडते, पण ती उशिरा आली किंवा अपुरी पडली, तर कंपनी तेल कुठून भरणार? मोठ्या विमानात दहा सीटा रिकाम्या गेल्या तरी बाकीचे दीडशे जण भार उचलतात. छोट्या विमानात पाच माणसे आली नाहीत, की फेरीच बुडाली.

दुसरी अडचण मुंबईची. मुंबई विमानतळावर दोन धावपट्ट्या आहेत, पण त्या एकमेकींना छेदतात, म्हणून एका वेळी एकच वापरता येते. तासाला पंचेचाळीसच्या आसपास चढ-उतार होतात, त्याहून फार अधिक नाही. त्या एकेका वेळेला "स्लॉट" म्हणतात. आता जळगावचे अठरा जणांचे विमान आणि दिल्लीचे एकशे ऐंशी जणांचे विमान, दोघांनाही एकच स्लॉट लागतो. सांगा, विमानतळ चालवणारा सकाळची सोयीची वेळ कुणाला देईल? छोट्या शहराला मिळते ती उरलीसुरली वेळ. आणि व्यापाऱ्याला सकाळी जाऊन संध्याकाळी परतता येत नसेल, तर तो रात्रीची रेल्वे धरतो. मुंबई आपल्याला रेल्वेने सव्वाचारशे किलोमीटर. रात्री बर्थवर झोपावे, पहाटे दादरला उतरावे. जळगावच्या विमानाची खरी स्पर्धा दुसऱ्या विमानाशी नाहीच, ती रात्रीच्या गाडीशी आहे.

तिसरी अडचण आपल्या उन्हाची. मे महिन्यात पारा पंचेचाळीसला टेकतो. तापलेली हवा विरळ होते. विरळ हवेत पंखांना उचल कमी मिळते, इंजिनाचा जोरही घटतो. त्यामुळे त्याच विमानाला उडायला अधिक लांब धाव घ्यावी लागते. आपली धावपट्टी साधारण सतराशे मीटरची. ती लांबवता येत नाही, मग वजन कमी करावे लागते, म्हणजे पुन्हा सीटा रिकाम्या. खान्देशचा उन्हाळा असा हिशोबाच्या वहीतही शिरतो.

या साऱ्याचा परिणाम आपण पाहिला. हाताशी विमाने मोजकीच. एखादे दुरुस्तीला गेले की फेऱ्या रद्द. फेरी रद्द झाली की प्रवाशाचा भरवसा जातो, भरवसा गेला की सीटा रिकाम्या जातात आणि सीटा रिकाम्या गेल्या की पुढची फेरी अधिक डळमळीत होते. एप्रिल २०२० मध्ये, करोनाच्या टाळेबंदीत, एअर डेक्कनने कामकाज बेमुदत थांबवले. दरम्यान सप्टेंबर २०१९ पासून हैदराबादच्या ट्रूजेट कंपनीची मोठी एटीआर विमाने जळगावहून मुंबई आणि अहमदाबादला जाऊ लागली होती. २०२२ च्या सुरुवातीला ती कंपनीही थांबली. त्या गृहस्थांचा प्रश्न दोनदा खरा ठरला होता.

मग एप्रिल २०२४ मध्ये गोव्याच्या फ्लाय ९१ या नव्या कंपनीने जळगावला विमान आणले. गोवा, हैदराबाद आणि पाठोपाठ पुणे. तिचे संस्थापक मनोज चाको पूर्वी किंगफिशरमध्ये वरिष्ठ पदावर होते. म्हणजे ज्या कंपनीने एअर डेक्कनला पोटात घेतले, तिथे शिकून निघालेला माणूस पुन्हा छोट्या शहरांच्या वाटेवर आला. त्याच वर्षी सरकारी अलायन्स एअरने मुंबईची सेवाही सुरू केली. यावरून एक गोष्ट दिसते. कंपन्या बुडाल्या, पण गोपीनाथांनी पाहिलेली गरज बुडाली नाही. ती होती म्हणूनच दर वेळी नवा माणूस पुढे आला.

आणि माझ्या धुळ्याचे काय? गोंदूरची धावपट्टी आम्ही लहानपणी सायकलने जाऊन पाहायचो. तिथे आज वैमानिक घडतात. बॉम्बे फ्लाइंग क्लबचे प्रशिक्षण तिथे चालते. पण गोंदूरची मला अभिमानाची वाटणारी गोष्ट वेगळी. कॅप्टन अमोल यादव या मराठी वैमानिकाने मुंबईत कांदिवलीच्या चारकोपमध्ये इमारतीच्या गच्चीवर सहा आसनांचे विमान बांधले. २०१६ च्या "मेक इन इंडिया" प्रदर्शनात ते लोकांनी पाहिले, नोंदणीसाठी आणि परवान्यासाठी त्यांनी वर्षानुवर्षे खेटे घातले, आणि २०२० साली त्या विमानाने चाचणीसाठी आकाश गाठले ते गोंदूरच्या धावपट्टीवरून. त्यांचे पुढचे स्वप्न एकोणीस आसनी विमानाचे. म्हणजे पुन्हा तोच छोट्या शहराचा माणूस त्यांच्याही डोळ्यांसमोर आहे. एकाने गाडी चालवायला घेतली, दुसऱ्याने गाडीच बांधायला घेतली.

गोपीनाथांचे आयुष्य पाहून काही जण म्हणतात, हा माणूस फसला. शेवटी उरले काय? मला हा न्याय खरा वाटत नाही. स्वस्त विमानप्रवास ही आज आपल्याला इतकी साधी गोष्ट वाटते, की ती कुणीतरी सुरू केली होती हेच आपण विसरतो. पण त्यांचा आंधळा गौरवही मी करणार नाही. धाडस मार्ग उघडते, मार्ग टिकवायला मात्र वक्तशीरपणा, शिल्लक विमान आणि गंगाजळी लागते. गोपीनाथांकडे पहिली गोष्ट अमाप होती, दुसऱ्या तिन्ही दर वेळी अपुऱ्या पडल्या. विमानाला एस.टी.सारखे वेळेवर सुटावे लागते आणि काळी-पिवळीसारखे भरून जावे लागते. या दोन्ही गोष्टी एकत्र साधणे हेच या धंद्याचे अवघड गणित आहे.

या गणितात आपलाही वाटा आहे. नवे विमान आले की आपण हार घेऊन जातो, फोटो काढतो, आणि पुढच्या प्रवासाला सवयीने रेल्वेचे आरक्षण करतो. लोकप्रतिनिधींकडे आपण "विमान कधी येणार?" विचारतो. खरे तर विचारायला हवे की सकाळचा स्लॉट मिळाला का, मदतीची मुदत संपल्यावर या मार्गाचे काय होणार, आणि पहिले विमान बिघडले तर दुसरे कुठून येणार. आपली केळी, डाळ, सोने, ठिबकच्या नळ्या, शेजारची अजिंठ्याची लेणी, यातून रोज किती माणसे खरोखर विमानाने जातील, याचा हिशोब व्यापारी मंडळींनी स्वतः मांडून कंपनीपुढे ठेवायला हवा.

२०२४ च्या पावसाळ्यात मी नानाला विमानाने पुण्याला नेले. पुतण्या तिथे नोकरीला आहे आणि नानाला डॉक्टरांना दाखवायचे होते. सत्तरी ओलांडलेल्या त्या माणसाचा हा पहिलाच विमानप्रवास. मला वाटले, खिडकीतून खाली पाहील, देवाचे नाव घेईल. नाना आत शिरला, जागेवर बसला आणि मागे वळून बोटांवर काहीतरी मोजू लागला. मी विचारले, काय मोजतोस? म्हणाला, रिकाम्या सीटा.

मग पट्टा आवळत हळूच म्हणाला, "आप्पा, हाई गाडी टिकाले जोयजे." ही गाडी टिकली पाहिजे.

उतरल्यावर त्याने मला परतीचे तिकीटही विमानाचेच काढायला लावले.